विश्लेषण : आधी मल्ल, मग वस्ताद! हरिश्चंद्र बिराजदार कोण होते?

बोदवडकडची असो की निलंग्याकडची, जत्रेतली कुस्ती मातीत होते. राष्ट्रकुल-ऑलिम्पिकची पदके मात्र मॅटवर मिळतात. ही दरी ओलांडणाऱ्या मोजक्या मराठी मल्लांत हरिश्चंद्र बिराजदार यांचे नाव बरेच वर आहे. निलंगा तालुक्यातील रामलिंग मुदगड हे त्यांचे गाव. कुस्ती घडली ती कोल्हापूरच्या गंगावेश तालमीत.

एडिंबरोत काय घडले?

१९७० च्या राष्ट्रकुल स्पर्धेत भारताला पाच सुवर्णपदके मिळाली. पाचही कुस्तीतली, आणि त्यातले एक बिराजदारांचे. तरी जुन्या कुस्तीशौकिनांना विचाराल, तर ते सांगतील १९७७ ची बेळगावची लढत. दिल्लीच्या सतपालला त्यांनी तिथे हरवले. महाराष्ट्राला परदेशातल्या पदकापेक्षा ही कुस्ती मोठी वाटली, हे आपल्या कुस्तीप्रेमाचे वैशिष्ट्यच म्हणायचे!

वस्ताद म्हणून काय केले?

खेळ थांबल्यावर पुण्यातील गोकुळ वस्ताद तालमीत त्यांनी मल्ल घडवले. २००६ मध्ये ध्यानचंद पुरस्कार मिळाला. बीड जिल्ह्यातल्या पाटोद्याचा राहुल आवारे त्यांच्याच हाताखाली वाढला. पण सप्टेंबर २०११ मध्ये बिराजदार गेले आणि राहुलची तयारी अर्ध्यावर राहिली. पुढे काका पवार यांनी त्याला सांभाळले. २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकची संधी हुकली. अखेर २०१८ मध्ये गोल्ड कोस्टला त्याने ५७ किलो गटात सुवर्ण जिंकले. गुरूच्या राष्ट्रकुल सुवर्णानंतर ४८ वर्षांनी मिळालेले ते पदक राहुलने दिवंगत वस्तादांनाच अर्पण केले.