शांताबाई आपटे आणि त्यांच्या बरोबरीच्या नट्या

दोन नामांकित नट्या एका चित्रपटात आल्या की त्यांचे पटत नसणार, असे प्रेक्षक मनाशी ठरवूनच तिकीट काढतो. १९३६ साली ‘अमरज्योती’ पडद्यावर आला तेव्हा दुर्गाबाई खोटे श्रेष्ठ की शांता आपटे, हा वाद घरोघर रंगला असल्यास नवल नाही. दुर्गाबाई त्यात दर्यावर्दी बंडखोर स्त्री झाल्या होत्या, शांताबाई राजकन्या. एकीचा भर करारी मुद्रेवर, तर दुसरीचा गळ्यावर. संगीत मास्तर कृष्णरावांचे होते, तेव्हा गळ्याचे पारडे थोडे जड झाले असेल, एवढेच.

शांताबाई १९१६ साली सोलापूर जिल्ह्यातील दुधनी येथे जन्मल्या. १९३२ साली भालजी पेंढारकरांच्या ‘श्यामसुंदर’मधून त्या चित्रपटांत आल्या आणि १९३४च्या ‘अमृतमंथन’ने त्यांचे नाव सर्वतोमुखी झाले. त्यांच्या गाण्याचा विशेष असा की, त्या हातवारे व मुद्रा यांसह मोकळेपणाने गात. समोर कॅमेरा आहे म्हणून अंग आखडून घेत नसत. संगीतशिक्षक या नात्याने मला हे फार मोलाचे वाटते. १९३७च्या ‘कुंकू’त तर पार्श्वसंगीताची साथच नव्हती. अशा उघड्या जागी कच्चा सूर लपत नाही! जरठ वकिलाशी फसवून लग्न लावलेली, पण त्याला नवरा मानण्यास नकार देणारी नीरा त्यांनी उभी केली. त्याच चित्रपटात शकुंतलाबाई परांजपे त्या वकिलाच्या समाजसेविका कन्येच्या भूमिकेत आहेत. सावत्र मायलेकींचे ते परस्परांना समजून घेणे आजही पाहण्यासारखे आहे.

पडद्यावरील ही बंडखोर प्रतिमा १९३९ च्या जुलैत रस्त्यावर आली. करारावरून मतभेद झाले आणि शांताबाई ‘प्रभात’च्या फाटकाशी उपोषणाला बसल्या. कोणी त्यांना हेकट म्हणाले, कोणी धीट. येथे दुर्गाबाईंची आठवण होते. एका कंपनीस बांधून न घेता निरनिराळ्या संस्थांत काम करण्याची वाट त्यांनी आधीच धरली होती. शांताबाई मात्र पगारी नटी. माझ्या मते दोघींमधला खरा फरक हाच होता, अभिनयाचा नव्हे. १९४० साली शांताबाईंनी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहून या धंद्यातील पैशाच्या सत्तेवर कठोर टीका केली.

पुढे १९४१ साली त्या तमिळ ‘सावित्री’त नायिका झाल्या. परकी भाषा त्यांनी नेटाने शिकून घेतली. नारदाच्या भूमिकेत होत्या साक्षात एम. एस. सुब्बुलक्ष्मी! ‘कल्की’ या नियतकालिकासाठी भांडवल उभे करावे म्हणून त्यांनी ते पुरुषपात्र पत्करले होते. हिंदुस्थानी आणि कर्नाटक अशा दोन तालमींचे गळे एका बोलपटात नांदले. तेलुगू शेजारात वाढलेल्या आम्हा आदिलाबादकरांना या मेळाचे अप्रूप अधिक. १९४३च्या ‘दुहाई’त त्यांच्यासमवेत नूरजहाँ होती, तिचा काळ तेव्हा चढता होता.

मग पार्श्वगायनाची पद्धत रूढ झाली. स्वतः गाणाऱ्या नटीची निकड उरली नाही आणि शांताबाईंकडे येणारी कामेही उणावली. २४ फेब्रुवारी १९६४ रोजी, वयाची पन्नाशीही न गाठता, मुंबईत अंधेरी येथे त्यांचे निधन झाले.