पहाटेच्या सुरावटीमागचा माणूस : वॉल्टर कॉफमन

आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी एके काळी सकाळ व्हायची ती रेडिओच्या खरखरीने. तंबोऱ्याचा झंकार, त्यावर व्हायोलिनची ती सुरावट, मग 'वंदे मातरम्' आणि बातम्या. आई चहाचे आधण ठेवायची, बाबा दाढीचे सामान काढायचे. नोकरीनिमित्त आपण कुठल्याही प्रांतात गेलो, भाषा बदलली, जेवण बदलले, पण ती सुरावट तीच राहिली. शिवरंजनी रागाच्या छायेतली ही धून ज्यांच्या नावावर धरली जाते, ते वॉल्टर कॉफमन भारतीय नव्हते. जीव आणि स्वाभिमान वाचवण्यासाठी मुंबईला आलेले ते एक ज्यू संगीतकार होते.

१ एप्रिल १९०७ रोजी बोहेमियातील कार्ल्सबाद (आजचे कार्लोव्ही व्हारी) येथे त्यांचा जन्म झाला. बर्लिनला फ्रान्झ श्रेकर यांच्याकडे त्यांनी संगीतरचनेचे धडे घेतले. पुढे प्रागच्या जर्मन विद्यापीठात संगीतशास्त्राचा अभ्यास केला. डॉक्टरेटचा प्रबंध तयार होता. पण आपले प्राध्यापक नाझी विचारांचे आहेत हे कळल्यावर त्यांनी पदवीच नाकारली. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि १९३४ मध्ये, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, कॉफमन मुंबई बंदरात उतरले.

त्यांच्या पत्नी गेर्टी या विख्यात लेखक फ्रान्झ काफ्का यांच्या सख्ख्या भाची. काफ्कांच्या तिन्ही बहिणी पुढे नाझींच्या अत्याचाराला बळी पडल्या. युरोपात राहिले असते तर काय झाले असते, हे वेगळे सांगायला नको.

मुंबईत आल्यावर त्यांनी इथल्या गाण्याच्या ध्वनिमुद्रिका ऐकल्या आणि ते गोंधळून गेले. काही म्हणता काही उमगेना. दुसरा कोणी नाक मुरडून गप्प बसला असता. कॉफमन यांनी वेगळा विचार केला. लाखो लोकांना जे मनापासून आवडते ते आपल्याला कळत नसेल, तर उणीव आपल्यात आहे, असे त्यांनी मानले आणि विद्यार्थी होऊन रागसंगीत शिकायला सुरुवात केली.

शिकता शिकता त्यांनी दिलेही पुष्कळ. 'बॉम्बे चेंबर म्युझिक सोसायटी' काढली. तीत झुबिन मेहता यांचे वडील मेहली मेहता व्हायोलिन वाजवीत आणि कॉफमन स्वतः पियानोवर बसत. १९३७ ते १९४६ या काळात ते आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावर पाश्चात्त्य संगीत विभागाचे प्रमुख होते. 'अनसूया' ही रेडिओसाठीची संगीतिका आणि पियानो व वाद्यवृंदासाठीची 'नवरत्नम्' ही रचना याच मुक्कामातली.

बोलपट तेव्हा नवाच होता. 'आलम आरा' १९३१ चा आणि गोविंदराव टेंबे यांच्या संगीताने नटलेला आपला 'अयोध्येचा राजा' १९३२ चा. गाण्यांच्या चाली बांधायला आपल्याकडे रंगभूमीवरचे जाणकार होते. पण प्रसंगाला साजेसे पार्श्वसंगीत हे काम नवे होते. जर्मनीत चित्रपटाचे शिक्षण घेऊन आलेले दिग्दर्शक मोहन भवनानी यांच्यासाठी कॉफमन यांनी हे काम केले. त्यांचे प्रागचे स्नेही विली हास हेही पुढे निर्वासित म्हणून मुंबईत आले आणि भवनानींसाठी पटकथा लिहू लागले. पण त्या काळी प्रेक्षक गाणी गुणगुणत घरी जात. गाण्यांच्या मधले संगीत कोणाचे, याची चौकशी कोण करणार? पुढे चित्रपटसंगीताचे इतिहास लिहिले गेले, तेव्हाही या माणसाच्या वाट्याला फार तर एखादी ओळ आली.

१९४६ मध्ये त्यांनी भारत सोडला. इंग्लंडमार्गे ते कॅनडात हॅलिफॅक्सला गेले, १९४८ पासून विनिपेगच्या सिंफनी वाद्यवृंदाचे संचालन केले आणि १९५७ मध्ये अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात प्राध्यापक झाले. मुंबईत शिकलेले मात्र ते विसरले नाहीत. उत्तर हिंदुस्थानी रागांवरचा त्यांचा जाडजूड ग्रंथ १९६८ मध्ये आणि दक्षिणेतील रागांवरचा १९७६ मध्ये प्रसिद्ध झाला. ज्या गाण्याने सुरुवातीला त्यांना गोंधळात टाकले, तेच त्यांनी परदेशी विद्यार्थ्यांना समजावून सांगितले. ९ सप्टेंबर १९८४ रोजी त्यांचे निधन झाले.

आपण बृहन्महाराष्ट्रातली मंडळी आपापल्या मर्जीने घर सोडून आलो. सुट्टीत परत जाता येते. कॉफमन यांना ती सोय नव्हती. तरीही ज्या गावाने आसरा दिला त्याचे गाणे ते मन लावून शिकले. गणपतीत आपण शेजाऱ्यांना आरतीला बोलावतो, मोदक देतो. त्यांच्या सणाला, त्यांचे गाणे ऐकायला आपण किती वेळा जातो? जुन्या आठवणींत ती पहाटेची सुरावट कानी आली, तर एवढे स्वतःला जरूर विचारावे.