राखालदास बंद्योपाध्याय : भग्नावशेष आणि वाङ्मय

बंगालमधील बहरमपूर येथे १८८५ साली जन्मलेले राखालदास बंद्योपाध्याय हे मोहेंजोदडोचे उत्खनक म्हणून सर्वपरिचित आहेत. त्यांच्या ललितलेखनाचा विचार मात्र क्वचितच होतो. १९१० साली ते कलकत्त्याच्या इंडियन म्युझियममध्ये रुजू झाले. तेथे जतन केलेल्या भारहूत स्तूपाच्या कठड्यातील एक शिळाच ‘पाषाणेर कथा’ (१९१४) या कृतीची निवेदक आहे. स्तूपाचा उदय व ऱ्हास ती सांगते. त्यांच्या ‘बांगालार इतिहास’चा पहिला खंड मात्र शिलालेख, ताम्रपट व नाणी यांच्या आधारावर उभा आहे. कल्पनेला कथेत वाव आणि इतिहासात पुराव्याचे बंधन, ही मर्यादा त्यांनी स्वतःच आखून घेतली होती.

१९१७ पासून ते पुरातत्त्व खात्याच्या पश्चिम मंडळाचे अधीक्षक म्हणून पुण्यास होते. याच अधिकारात १९२२ साली मोहेंजोदडोच्या बौद्ध स्तूपाभोवती खोदकाम करताना त्यांना कितीतरी प्राचीन संस्कृतीच्या खुणा सापडल्या. त्यांचा अहवाल मात्र त्यांच्या हयातीत प्रसिद्ध झाला नाही. १९३० साली त्यांचे निधन झाले. अहवाल छापला गेला तो १९८४ साली. ऐतिहासिक कादंबरीच्या अभ्यासकाने त्यांच्या या दोन्ही प्रकारच्या लेखनाचा एकत्र विचार करणे अगत्याचे आहे.