भायखळा-परळचा जुना मतदारसंघ आणि पालवणकर बाळू

स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून द्या, असे विहाराच्या कार्यकर्त्यांनी सांगितले तेव्हा बाबासाहेबांवर लिहावे, हाच पहिला विचार मनात आला. पण बाबासाहेबांवर लिहिणारे विद्वान पुष्कळ आहेत आणि आमचे शिक्षण ते केवढे! म्हणून बाबासाहेबांच्या विरोधात निवडणुकीला उभ्या राहिलेल्या एका माणसाची हकीकत लिहीत आहोत. काही जणांना हे रुचणार नाही. तरी शेवटपर्यंत वाचावे, ही विनंती.

प्रभादेवीला पी. बाळू मार्ग आहे. गिरणीत असताना त्या रस्त्याने आम्ही कितीदा गेलो असू, पण हा बाळू कोण ते कधी कोणाला विचारले नाही. असेल कोणी जुना नगरसेवक, असे वाटायचे. पुढे वाचनाची गोडी लागली तेव्हा कळले की हे तर बाळू पालवणकर, आपल्या देशाचे पहिल्या फळीचे क्रिकेटपटू, चर्मकार समाजात जन्मलेले. आणि १९३७ साली आपल्या बाबासाहेबांसमोर काँग्रेसतर्फे उभे राहिलेले तेही हेच.

बाळूंचा जन्म १८७६ सालचा, धारवाडचा. वडील लष्करी खात्यात होते. पोरं पुण्यात वाढली आणि गोऱ्या साहेबांनी टाकून दिलेल्या चेंडू-फळीवर खेळ शिकली. बाळूंना आधी पारशी मंडळींच्या क्लबात खेळपट्टी झाडायचे, रोलर फिरवायचे काम मिळाले. नंतर साहेबांच्या क्लबात महिना चार रुपयांवर तेच काम. जाळी बांधायची, खेळपट्टी दाबायची आणि साहेब सरावाला आले की त्यांना गोलंदाजी टाकायची. डाव्या हाताने चेंडू असा वळवायचे की ग्रेग नावाचा नावाजलेला फलंदाज रोज लवकर येऊन त्यांच्याकडून सराव करून घेई. तासन् तास गोलंदाजी करणाऱ्या या पोराच्या हातात बॅट मात्र साहेबांनी दिली नाही.

मग पुण्याच्या हिंदू मंडळींना साहेबांच्या संघाला हरवायचे होते. बाळूला घ्यावे की नको यावर वाद झाला म्हणे. शेवटी जिंकायची हौस सोवळ्यापेक्षा मोठी ठरली. मैदानावर ज्या चेंडूला बाळूंचा हात लागे तो सगळ्यांनी शिवायचा. चहाची वेळ झाली की सगळे मंडपात आणि बाळू बाहेर. त्यांचा चहा मातीच्या भांड्यात, प्यायले की फेकून द्यायचा. जेवण वेगळे, ताट वेगळे. साताऱ्याच्या सामन्यात त्यांनी संघ जिंकून दिला आणि न्यायमूर्ती रानडे यांच्या हस्ते त्यांचा सत्कार झाला, तेव्हा कुठे थोडा फरक पडला. आमच्यापैकी ज्यांनी गावाकडे हॉटेलाबाहेर ठेवलेली वेगळी कपबशी पाहिली आहे त्यांना यापुढे काही सांगायला नको.

१८९६ ला पुण्यात-मुंबईत प्लेग आला. त्या सुमारास पालवणकर कुटुंब मुंबईस आले. इथे रेल्वेत नोकरी लागली आणि हिंदू जिमखान्याने, तिथेही कुरकुर झालीच, संघात घेतले. फेब्रुवारी १९०६ मध्ये हिंदूंच्या संघाने युरोपियनांना १०९ धावांनी हरवले. त्यात बाळूंचे आठ बळी. १९११ साली पतियाळाच्या महाराजांच्या संघाबरोबर ते विलायतेला गेले आणि त्या दौऱ्यात एकट्याने ११४ बळी घेतले. परत आल्यावर मुंबईत अस्पृश्य समाजाने त्यांना मानपत्र दिले. त्या कार्यक्रमात तरुण भीमराव आंबेडकरांचा हात होता, असे सांगितले जाते. बाबासाहेब तेव्हा एल्फिन्स्टन कॉलेजचे विद्यार्थी. आपल्यातला एक माणूस साहेबांच्या देशात जाऊन साहेबांचे दांडे उडवून आला, याचा त्यांना अभिमान वाटणारच.

एवढे करूनही हिंदू संघाचे कप्तानपद बाळूंना मिळाले नाही. वर्षानुवर्षे ते संघातले सर्वात जाणते, पण कप्तान दुसराच. १९२० साली तर त्यांना वगळलेच, तेव्हा शिवराम आणि विठ्ठल हे भाऊ संघातून बाहेर पडले. आम्ही युनियनमध्ये काम केलेली माणसे, आम्हाला हा प्रकार ओळखीचा वाटतो. भावांनी काम बंद ठेवले आणि मालकाला नमावे लागले! बाळूंना परत घेऊन उपकप्तान केले. कप्तान मैदानाबाहेर गेला त्या वेळात संघ त्यांनी चालवला, एवढेच. १९२३ मध्ये विठ्ठल कप्तान झाले आणि घराण्याला तो मान मिळाला.

आता राजकारणाचे. १९३२ च्या पुणे करारावर बाबासाहेबांची सही आहे, तशी बाळूंचीही आहे. १९३३ साली ते हिंदू महासभेतर्फे मुंबई महापालिकेच्या निवडणुकीला उभे राहिले आणि पडले. त्या काळी पालिकेचे मत सगळ्यांना नव्हते. महिना दहा रुपये भाडे भरणारा मतदार, असा १९२२ पासूनचा नियम. एका खोलीत दहा-बारा माणसे राहणाऱ्या गिरणी कामगाराचे भाडे बहुतेक ठिकाणी त्याहून कमी. म्हणजे ज्यांच्यासाठी नळ, संडास आणि कचऱ्याचा प्रश्न होता तेच यादीबाहेर. पालिकेला प्रौढ मतदान यायला १९४८ साल उजाडले.

१९३५ ला बाबासाहेबांनी येवल्याला हिंदू म्हणून मरणार नाही, अशी घोषणा केली. बाळूंना ती पटली नाही. हिंदूंकडून मातीच्या भांड्यात चहा प्यायलेला माणूस हिंदू राहण्याच्या बाजूने उभा राहिला, हे कोडे आम्हाला अजून पुरते सुटलेले नाही. ज्या खेळाने त्यांना वर आणले तो हिंदू जिमखान्याचा खेळ, तिथे हळूहळू माणसे बदलताना त्यांनी पाहिली, त्यावरून सगळा समाज बदलेल असे वाटले असावे.

फेब्रुवारी १९३७ मध्ये मुंबई विधानसभेची निवडणूक झाली. मतदारसंघाचे नाव भायखळा-परळ. परळच्या चाळीत बाबासाहेब कित्येक वर्षे राहिलेले, दामोदर हॉलजवळ त्यांची कचेरी. त्यांचा स्वतंत्र मजूर पक्ष जेमतेम सहा महिन्यांचा. पुणे करारामुळे राखीव जागेवरही मत सगळ्या जातींचे. काँग्रेसने नेमके ओळखले आणि सगळ्या मुंबईला ठाऊक असलेला क्रिकेटवाला बाळू समोर दिला. मुंबई इलाख्यात अनेक जागांच्या मतदारसंघात मतदाराला जागांएवढी मते असत आणि ती सगळी एकाच उमेदवाराला देता येत. ही सोय नसती तर थोड्या मतांवर आपला माणूस निवडून आणणे अवघड होते. बाबासाहेबांना १३,२४५ मते पडली, बाळूंना ११,२२५. फरक २,०२० चा. आमचे आजोबा हा विजय सांगताना हरलेल्याचे नाव घेत नसत, काँग्रेसचा माणूस एवढेच म्हणत.

आम्हाला विचाराल तर बाळूंची वाट चुकली. पण अकरा हजार मते घेणाऱ्या त्या माणसाला नुसते प्यादे म्हणून सोडून देणे बरोबर नाही. प्याद्याने विलायतेत ११४ बळी घेतलेले नसतात.

१९५२ ला प्रौढ मतदानाने लोकसभेची पहिली निवडणूक झाली. या वेळी उत्तर मुंबईत काँग्रेसच्या काजरोळकरांनी बाबासाहेबांना हरवले. तेही चर्मकार समाजाचेच. १९३७ ला जमले नाही ते काँग्रेसने पंधरा वर्षांनी करून दाखवले.

४ जुलै १९५५ रोजी बाळू वारले. पुढच्या वर्षी १४ ऑक्टोबरला बाबासाहेबांनी नागपुरात दीक्षा घेतली. प्रभादेवीच्या त्या रस्त्यावर आता नातवाला घेऊन जातो तेव्हा पाटी वाचून दाखवतो आणि तो विचारतो, आजोबा, हा कोण होता?