शंकररावांचे मतदार

बँकेत असताना दिवसअखेर ताळा जुळला नाही की, फरक पाच पैशांचा असो नाहीतर पाच हजारांचा, घरी जाता येत नसे. पण अर्ध्याची तूट मी पाहिली ती राजकारणात. 1996 साली लातूरचे विलासराव देशमुख विधान परिषदेच्या निवडणुकीत अर्ध्या मताने पडले, तेव्हा आमच्या शाखेत कोणालाच ते खरे वाटेना. माणसाचे मत अर्धे कसे? आमदारांनी निवडून द्यायच्या जागांसाठी प्रत्येक मताची किंमत शंभर धरतात आणि निवडून आलेल्याची जादा मते पुढच्या पसंतीकडे अपूर्णांकांत सरकतात, हे समजावून सांगता सांगता माझा चहा निवला.

त्या दिवशी गोष्ट फिरून फिरून आली ती नांदेडच्या शंकरराव चव्हाणांवर. वरिष्ठ सभागृहाचे गणित ज्यांना अखेरपर्यंत साधले, असे मराठवाड्याचे तेच पुढारी.

शंकररावांचा जन्म पैठणचा, 14 जुलै 1920 चा. उस्मानिया विद्यापीठातून कायद्याची पदवी घेतली खरी, पण त्यांना घडवले ते स्वामी रामानंद तीर्थांनी आणि हैदराबाद मुक्तिसंग्रामाने. 1956 साली ते नांदेडचे नगराध्यक्ष झाले. नळ, नाल्या आणि घरपट्टी यांवरून शिव्या देणारा मतदार नगराध्यक्षाला रोज रस्त्यात भेटतो. त्यापुढचे थोडक्यात सांगतो. 1957 पासून विधानसभा, मग भोकर मतदारसंघ, पाटबंधारे खाते, 1975 ते 1977 मुख्यमंत्रिपद. जायकवाडीची कोनशिला 1965 साली लालबहादूर शास्त्रींनी बसवली आणि 1976 साली इंदिरा गांधींच्या हस्ते धरणाचे उद्घाटन झाले, तेव्हा मुख्यमंत्री पैठणचाच मुलगा होता. सचिवालयाचे मंत्रालय त्यांनीच केले. उशिरा येणाऱ्या कर्मचाऱ्यांना त्यांचा धाक असे. लोक त्यांना हेडमास्तर म्हणत. आम्हा बँकवाल्यांना मात्र ते आपल्यातले वाटत, कारण दुसऱ्या मुख्यमंत्रिपदाच्या काळात त्यांनी शून्याधारित अर्थसंकल्प आणला. जुना आकडा पुढे ओढायचा नाही, दरवर्षी पहिल्यापासून हिशेब मांडायचा.

1977 साली नांदेडची लोकसभेची जागा शेकापच्या केशवराव धोंडग्यांकडे गेली. 1980 आणि 1984 अशी दोनदा ती शंकररावांनी जिंकली. 1984 ची ती निवडणूक म्हणजे थेट जनतेपुढची त्यांची अखेरची लढत. मार्च 1986 मध्ये निलंग्याचे शिवाजीराव पाटील पायउतार झाले आणि शंकरराव दिल्लीहून मुख्यमंत्री म्हणून परतले, ते विधान परिषदेचे सदस्य होऊन. लातूरकडून खुर्ची नांदेडकडे आली, पण नांदेडच्या मतदाराला विचारावे लागले नाही. लोकसभेच्या रिकाम्या जागेवर 1987 च्या पोटनिवडणुकीत चिरंजीव अशोकराव आले. दोनच वर्षांनी, 1989 मध्ये, जनता दलाच्या डॉ. व्यंकटेश काब्द्यांनी त्यांना पाडले.

शंकररावांना मात्र या लाटेची झळ लागली नाही. 1988 साली अर्थमंत्री म्हणून दिल्लीला गेलेले शंकरराव त्याच वर्षी राज्यसभेत पोचले आणि एप्रिल 2002 पर्यंत तिथेच राहिले. महाराष्ट्राच्या विधानसभेत 288 आमदार. राज्यसभेच्या सहा जागा भरायच्या असल्या तर बेचाळीस आमदारांची पहिली पसंती मिळाली की भागते. नांदेडच्या एखाद्या गल्लीतही याहून जास्त मतदार असतात.

यात बेकायदा काही नाही. मनमोहन सिंगही राज्यसभेतूनच अर्थमंत्री झाले. पण एक गोष्ट माझ्या मनातून जात नाही. 6 डिसेंबर 1992 ला बाबरी मशीद पडली, त्या दिवशी देशाचे गृहमंत्री शंकरराव होते. नांदेड म्हणजे गुरुद्वाऱ्याचे, मंदिरांचे, मशिदींचे गाव. नगराध्यक्ष म्हणून त्यांनी या साऱ्या मोहल्ल्यांचा कारभार पाहिलेला. या गावात पुन्हा घरोघर जाऊन मते मागायची असती तर त्या महिन्यांत गृहखाते वेगळे वागले असते का? कदाचित नसतेही, निर्णय पंतप्रधानांचे होते, राज्य सरकार दुसऱ्या पक्षाचे होते. तरी गृहमंत्र्यांना त्याचा जाब मतपेटीपुढे कधीच द्यावा लागला नाही. सरळ, स्वच्छ, अभ्यासू माणूस, पण ज्यांनी त्याला ओळखले त्यांना त्याच्याविषयी मत देण्याची सोय उरली नव्हती. हेडमास्तरांचा हा हिशेब मला तरी जुळवता आलेला नाही.

विलासरावांचे उलट झाले. 1995 साली लातूरकरांनी पाडले आणि पुढच्या वर्षी आमदारांनी. मग गावोगाव फिरण्यावाचून गत्यंतर नव्हते. 1999 मध्ये लातूरने त्यांना नव्वद हजारांहून अधिक मताधिक्याने निवडून दिले आणि ऑक्टोबरात ते मुख्यमंत्री झाले. अर्धे मत जास्त मिळून परिषदेत बसले असते तर काय झाले असते, यावर लातुरात आजही पैजा लागतात.

वरिष्ठ सभागृहाला आम्हा पदवीधरांचाही एक मतदारसंघ आहे, मराठवाड्याच्या आठही जिल्ह्यांचा. दर खेपेला नव्याने अर्ज भरून नाव घालावे लागते आणि मतपत्रिकेवर आकड्यांत पसंती लिहावी लागते. 2008, 2014 आणि 2020, तिन्ही वेळा सतीश चव्हाणच आले. (हे चव्हाण वेगळे.) माझ्या ओळखीचे निम्मे पदवीधर नाव नोंदवायलाच विसरतात आणि निकालाच्या दिवशी तावातावाने बोलतात.

शंकरराव 26 फेब्रुवारी 2004 ला गेले. नांदेडजवळच्या विष्णुपुरी जलाशयाला शंकरसागर म्हणतात, तिथल्या वैद्यकीय महाविद्यालयालाही त्यांचेच नाव आहे. पुढे मुख्यमंत्री झालेल्या अशोकरावांना 2019 साली नांदेडने लोकसभेला पाडले. फेब्रुवारी 2024 मध्ये ते भाजपमध्ये गेले आणि त्याच महिन्यात राज्यसभेवर निवडून आले. सहा जागांना सहाच उमेदवार होते, त्यामुळे आमदारांनाही मतदान करावे लागले नाही.