पाडण्यापूर्वी पाहणारा नगररचनाकार

राइट टाउन ही जबलपूरमधील सरळ रस्त्यांची, आखीव वसाहत. जुन्या शहरातील गल्ल्या मात्र दाट. या शहरासाठी पॅट्रिक गेडिस यांनी १९१७ मध्ये नगरपालिका समितीला नगररचनेचा अहवाल सादर केला.

गेडिस यांचा जन्म २ ऑक्टोबर १८५४ रोजी स्कॉटलंडमध्ये झाला. मूळचे जीवशास्त्रज्ञ असल्याने शहराकडे ते सजीव देह म्हणून पाहत. मद्रासचे गव्हर्नर लॉर्ड पेंटलंड यांच्या निमंत्रणावरून १९१४ मध्ये ते भारतात आले. त्यांचे नगररचना प्रदर्शन घेऊन येणारे जहाज ‘एम्डेन’ या जर्मन युद्धनौकेने बुडवले. तरी काम थांबले नाही. १९१७ मध्येच मुलगा युद्धात मारला गेला आणि पाठोपाठ पत्नीचे कलकत्त्यात निधन झाले.

दाट वस्ती चिरून रुंद रस्ता काढणे, ही तेव्हाच्या अभियंत्यांची रीत. गेडिस आधी गल्लोगल्ली फिरत. मोडकळीस आलेली मोजकीच घरे हटवून मोकळी जागा साधावी आणि विहीर, झाड, देऊळ राखावे, असे सुचवत. यात खर्चही कमी आणि विस्थापितही कमी, असा त्यांचा युक्तिवाद होता. १९१९ मध्ये ते मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचे पहिले प्राध्यापक झाले, गो. स. घुर्ये त्यांचे विद्यार्थी. १९३२ मध्ये फ्रान्समध्ये त्यांचे निधन झाले.

गेडिस यांच्यापाशी सल्ला होता, अधिकार नव्हता. त्यामुळे अनेक शिफारशी कागदावरच राहिल्या. आजच्या नगररचना अधिकाऱ्यांपाशी कायद्याने दिलेला अधिकार आहे. पण पाहणीचे टिपण पुष्कळदा पाडकामाचा निर्णय झाल्यावर लिहिले जाते. हा क्रम बदलणे, हेच गेडिस यांचे खरे स्मरण ठरेल.