गाडगेबाबा आणि गावाचे तळे
गाडगेबाबांचा जन्म १८७६ साली अमरावती जिल्ह्यातील शेंडगाव येथे झाला. त्यांचे मूळ नाव डेबूजी होते. १९०५ साली त्यांनी घर सोडले. हातात खराटा आणि मातीचे गाडगे घेऊन ते गावोगाव फिरले. दिवसा ते गाव झाडत आणि रात्री कीर्तन करीत. पूर्णा नदीकाठी ऋणमोचन येथे त्यांनी यात्रेकरूंसाठी घाट बांधला. १९५६ साली ते वारले.

त्यांची स्वच्छतेची शिकवण वाशीमच्या पद्मतीर्थासारख्या तळ्यांनाही लागू पडते. तळ्यात सांडपाणी गेले, की उन्हाळ्यात निळे-हिरवे शेवाळ माजते. काही शेवाळ विषारी असते. त्यामुळे गुरे मरू शकतात. माणसाच्या यकृताला अपाय होतो. पाणी उकळले तरी हे विष जात नाही. म्हणून तळ्यात घाण जाऊच न देणे, हाच खरा उपाय आहे.